डोमाचं वाक्य

साक्षीचा फोन आला तेव्हा मी गोपालच्या सलूनमध्ये खुर्चीवर होतो, अर्धी दाढी झालेली, अर्ध्या गालाला फेस. फोन घ्यायला नको होता. घेतला. "काका, तुमच्या वहीतली पानं हरवली आहेत का हो?" ती म्हणाली. साक्षी गडचिरोलीची पोरगी, झाडीपट्टीच्या नाटकांवर पीएचडी करते, आणि माझ्या एकवीस नाटकांचं पुस्तक काढायचं तिनंच डोक्यात घेतलं होतं. वह्या तिच्याकडे देऊन दोन महिने झाले होते. मी म्हटलं, "पानं कायले हरवतीन? बायकोनं ट्रंकेत जपून ठेवल्या होत्या." "मग काका, पहिल्या अंकात फॉरेस्ट गार्ड येतो, तिथे नुसतं 'इथे कॉमेडी' लिहिलंय, आणि खाली एकदम पाटलाचा प्रवेश. मला वाटलं एकाच नाटकात असेल. एकवीसच्या एकवीस नाटकांत तसंच आहे. 'इथे कॉमेडी.' 'डोमा येतो, कॉमेडी, दहा मिनिटं.' बस. पाटील आहे, पाटलीण आहे, खलनायक आहे, मास्तरांची भाषणं तर तीन-तीन पानं आहेत. डोमाच नाही काका, तुम्ही जो करायचात तो. डोमा कुठे आहे?" मी म्हटलं, घरी जाऊन पाहतो. गोपाल वस्तरा हवेत धरून ऐकत होता, त्याला वाटलं कुणीतरी चाहता असेल. हा लेकाचा गेली सात वर्षं माझी दाढी करतो आणि रोज एकच करतो. मान वाकडी करून विचारतो, "काय डोमा, वाघानं पाह्यलं का तुले?" आणि मी तोंड उघडायच्या आत स्वतःच म्हणतो, "पाह्यलं साहेब, पन ओळख नाई दाखवली!" आणि आरशात बघून एवढा हसतो की वस्तरा माझ्या गळ्याशी हलतो. त्या दिवशीही म्हणाला. मला हसू नाही आलं. वाटलं, हा माणूस माझा गळा कापेल तर बरं होईल, निदान वह्यांची चौकशी थांबेल.

घरी येऊन प्रेमिलेला सांगितलं, तर ती वांगी चिरता चिरता म्हणाली, "मग त्यात काय? त्या पत्रूभाऊले विचारा ना. त्यालेच तं सारं पाठ होतं." प्रेमिलेचं हे असं. चाळीस वर्षं संसार केला, पण ही बाई नेमकं दुखतं तिथंच बोट ठेवते आणि ठेवून वर वांगी चिरत राहते. मी म्हटलं, "पत्रू प्रॉम्प्टर होता. मी लेखक होतो." ती म्हणाली, "मी कुठी नाई म्हनून राह्यली?" बरोबर आहे, तिनं नाही म्हटलं नव्हतं.

पुण्यामुंबईकडच्या माणसाला आमचं हे सांगितलं तर खरं वाटत नाही. आमच्या झाडीत दिवाळी झाली, धान घरात आलं की नाटकं सुरू होतात ती होळीपर्यंत. वडशाच्या नाटक कंपन्या, आज या गावात, उद्या तिसऱ्या तालुक्यात, बैलांच्या शर्यतींचा शंकरपट असेल तिथं, मंडईची जत्रा असेल तिथं. तालमी कसल्या अन् काय कसल्या! नटाला दुपारी कळतं की आज आपण कोण आहोत. भाकर खाता खाता कथा ऐकायची, चेहरा रंगवायचा आणि उभं राहायचं. बाकी सगळं प्रॉम्प्टरवर. तो पहिल्या विंगेत पडद्याआड स्टुलावर बसतो, मांडीवर वही घेतो आणि पूर्ण नाटक, प्रत्येकाचं प्रत्येक वाक्य, आधी तो म्हणतो. नट त्याच्या मागून म्हणतो. त्याचा आवाज नटाला ऐकू येतो आणि पहिल्या रांगेतल्या सरपंचाला येत नाही. हा आवाज शिकवून येत नाही. घशाच्या खालून, पोटाच्या वरून कुठून तरी काढतात. पत्रूसारखा आवाज मी दुसरा ऐकला नाही. बत्तीस सीझन तो माझ्या डाव्या कानात होता. कधीकधी घरी जेवताना प्रेमिला काही विचारायची आणि मी उत्तर द्यायच्या आधी डाव्या बाजूला कान देऊन थांबायचो. ती म्हणायची, "इथी कोनी नाई देनारा, तुमचं तुम्हीच बोला."

तर ते वाक्य. मी तेव्हा सदतीस-अडतीस वर्षांचा होतो, दोनचार नाटकं लिहून झाली होती, हँडबिलावर 'लेखक व विनोदी नट मनसाराम' असं लहान अक्षरांत येत होतं. सिंदेवाहीच्या पुढचं एक गाव, नाव नका विचारू. मी डोमा होतो, पाटलाचा गडी. गार्ड विचारतो, काय रे, जंगलात वाघ होता म्हणतोस, मग वाघानं तुले पाह्यलं का? आणि वहीत मी डोमाला काहीतरी फालतू लांबलचक उत्तर लिहून दिलं होतं, धोतर ओलं झालं वगैरे. दुपारी लिहिलं तेव्हा मलाच हसू आलं होतं. स्टेजवर तोंड उघडलं आणि कळलं, हे मेलेलं आहे. समोर तीनेक हजार माणूस, कुणीतरी खोकला, कुणाचं तरी पोर रडलं, आणि माझ्या डोक्यातली बत्ती गुल. पाच आकडे मोजेपर्यंत लोक गप्प राहतात, सहाव्याला बोलू लागतात, सातव्याला शिट्टी येते. मी चारपर्यंत मोजलं असेल. आणि डावीकडून, वही सोडून, पत्रूचा आवाज आला. "पाह्यलं साहेब. पन ओळख नाई दाखवली." मी म्हटलं. अरे बाप रे! काय सांगू. लोक हसले असं म्हणणं बरोबर नाही, लोक फुटले. ज्यांच्या घरची ढोरं वाघानं नेली होती तीच माणसं एकमेकांच्या पाठीवर थापा मारत होती. वन्स मोअर घेतला. तीनदा घेतला. नाटक सुटल्यावर मी मेकअप न पुसता विंगेत गेलो आणि विचारलं, "पत्रू, कुठलं दिलं रे हे?" तो वही बांधत होता. म्हणाला, "वहीत नोतं. तुम्ही अडकले म्हून देल्लं, भाऊ." एवढंच. मी त्याला चहा पाजला. तेव्हा मला वाटलं होतं, चहा पाजला म्हणजे झालं.

पुढल्या नाटकापासून मी डोमाचं लिहायचंच सोडलं, आणि आधीच्या दोनचार वह्याही डोमाचं गाळून नव्यानं उतरवल्या. 'इथे कॉमेडी' लिहायचो आणि विंगेकडं कान देऊन उभा राहायचो. तो द्यायचा. कधी चुकला नाही. गावात दुपारी पोहोचलो की तो एकटाच फिरून यायचा, पाणवठ्यावर, पानठेल्यावर, गोठ्यात, कोण कुणाशी भांडलं, कोणाचा बैल पटात उलटा पळाला हे ऐकून यायचा आणि रात्री ते डोमाच्या तोंडी टाकायचा. प्रत्येक गावाला वाटायचं, हा मनसाराम किती हुशार, आपल्या गावचं याला कसं ठाऊक! हँडबिलावर माझं नाव मोठं होत गेलं. मग फोटो आला. मग नुसता फोटो असला तरी चालू लागलं. पत्रूचं नाव कधी आलं नाही, पण प्रॉम्प्टरचं नाव कुणाच्याच हँडबिलावर येत नाही, ही रीतच आहे, मी काही वेगळं केलं नाही. हे मी स्वतःला किती वेळा सांगितलं असेल याची मोजदाद नाही. रीत आहे. रीत आहे खरी. आणि त्यानं मला बत्तीस वर्षं 'भाऊ, तुम्ही' म्हटलं आणि मी त्याला 'अरे पत्रू', हीही रीतच असेल. वयानं तो माझ्यापेक्षा दीड वर्षानं मोठा आहे.

मग एकदा पेपरवाला आला. माझा सत्कार होता, शाल अंगावर होती, आणि त्यानं विचारलं, हे वाघाचं वाक्य तुम्हाला सुचलं कसं? सांगता आलं असतं. पत्रू तिथंच, मंडपाच्या कडेला प्लास्टिकच्या खुर्चीवर बसला होता. मी म्हटलं, "माझे वडील ढिवर. तलावावर जाळं टाकायला जायचे. एकदा पलीकडच्या काठाला वाघ पाणी प्यायला आला..." आपोआप आलं. बाप गुडघाभर पाण्यात उभा, हातात ओलं जाळं, वाघ पितो आहे, मान वर करतो, पाहतो, पुन्हा पितो, निघून जातो. बाप घरी येतो, माय विचारते, आणि तो हे वाक्य म्हणतो. छापून आलं. पुढल्या सत्काराला पुन्हा विचारलं, पुन्हा सांगितलं, त्या वेळी जाळ्यात दोन मरळ मासे घातले. मी नऊ वर्षांचा असताना बाप तापानं गेला. मला त्याच्या टाचांच्या भेगा आठवतात आणि पहाटेचा खोकला. बाकी काही नव्हतं माझ्याकडे त्याचं. आता मी डोळे मिटले की बाप दिसतो तो वाघासमोर, शांत, गुडघाभर पाण्यात, आणि त्याचा चेहरा मला स्पष्ट दिसतो, मिशीसकट. त्याला मिशी होती की नव्हती हे सांगायला आता कुणी जिवंत नाही. कधीकधी मला खरंच वाटतं की असं घडलं होतं. आणि पुस्तकाच्या प्रस्तावनेत मी हेच लिहून साक्षीला दिलं होतं, पाच पानं, माझ्या अक्षरात. त्या पानांत मात्र कुठे जागा सोडलेली नव्हती.

साक्षीला मी फोन करून सांगितलं, नागभीडला जाऊ, आमचा प्रॉम्प्टर तिथं असतो, त्याला सगळं तोंडपाठ आहे, तो सांगेल, तू लिहून घे. ती इथं चंद्रपूरला मावशीकडे आलेलीच होती. सकाळी चांदा फोर्ट स्टेशनवरून गाडी धरली. ती खिडकीशी बसून धानाच्या बांध्या पाहत होती, कापणी चालू होती, आणि माझ्या डोक्यात एकच चाललं होतं, की पत्रू बोलेल, ही लिहील, नाव माझं लागेल, आणि यात खोटं असं कुणालाच काही बोलावं लागणार नाही. विचारलंच कुणी तर? कोण विचारणार? मूल स्टेशन गेलं. मग वाटलं, आपणच सांगून टाकावं. आत्ता सांगावं. पोरगी चांगली आहे, समजून घेईल. मी घसा साफ केला. ती म्हणाली, "पाणी देऊ का काका?" मी पाणी प्यालो. राजोली गेलं, सिंदेवाही गेलं. डोमा असता तर त्यानं यावर पण एक विनोद केला असता, पण तो विनोद मला सुचणार कुठून?

पत्रूचे डोळे शुगरनं गेले होते, हे मला माहीत नव्हतं. चार वर्षांत मी गेलोच नव्हतो. अंगणात बाजेवर बसला होता, अंगात स्वेटर, बाजूला चटईवर धान वाळत पडलेलं. त्याचा मुलगा अश्वजित शाळेत मास्तर आहे, त्यानं खुर्च्या टाकल्या. माझा आवाज ऐकला आणि पत्रू उभाच राहिला. "भाऊ! तुम्ही काऊन आले? मले बलावलं असतं तं मी आलो असतो ना!" मी म्हटलं, "बस रे बाबा, बस." काय काम आहे ते सांगितलं. त्याचा चेहरा असा उजळला की मला दुसरीकडं पाहावं लागलं. "कोनतं नाटक, भाऊ?" मी नाव सांगितलं. साक्षीनं फोनवर रेकॉर्डिंग सुरू करून तो त्याच्या उशीजवळ ठेवला आणि आपली खुर्ची जरा लांब, सावलीत ओढली. आणि पत्रूनं सुरुवात केली. तोच आवाज, सपाट, भरभर, चढउतार नाही. मध्ये थांबायचा. "इथी हासतेत. इथी टाळी आहे. इथी भाऊ टोपी काहाडतेत, तवा थांबा जरा." साक्षी हसता हसता डोळे पुसत होती. म्हणाली, "जरा मोठ्यानं बोला ना काका," तर तो दोन वाक्यं मोठ्यानं बोलायचा आणि पुन्हा आपल्या जागी खाली जायचा. आणि माझे ओठ त्याच्या मागून हलत होते. मी ते थांबवू शकलो नाही. साक्षीनं पाहिलं, म्हणाली, "बघा, तुम्हालाही सगळं पाठ आहे की!" पाठ कसलं डोंबल! मी नुसता त्याच्या मागून म्हणत होतो.

मी मनात शोधत होतो, यातलं माझं काय? काहीतरी असेलच ना. बत्तीस वर्षं तोंडाला रंग लावला, काही तर माझं असेल. दुपारपर्यंत मला तीन गोष्टी सापडल्या. धोतराचा सोगा पायात अडकून पडणं, एक शिंक, आणि पाटलीण रागावली की मान आत घेणं. तिन्ही अंगाच्या. बोलायचं एकही नाही. आणि या तीन गोष्टी पुस्तकात छापता येत नाहीत. मला राग आला, पत्रूवरच आला. मेल्या, एखादं तरी विसरायचं होतंस!

मग वाघ आला. फॉरेस्ट गार्ड विचारतो, आणि पत्रू म्हणाला, "पाह्यलं साहेब, पन ओळख नाई दाखवली. इथी खूप वेळ थांबा, इथी लोकं आवरत नाईत." अश्वजित तेव्हा चहा घेऊन बाहेर येत होता. तो सहज हसत म्हणाला, "हे तं आमच्या आजीचं बोलणं होय, मॅडम." साक्षीनं विचारलं, म्हणजे? तो कप वाटत सांगू लागला. आजी मोहफुलं वेचायला गेली होती, वाकून वेचत होती, मान वर केली तर समोर दहा हातांवर वाघ. दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. मग तो गेला. आजी घरी आली, टोपली ठेवली, पाणी प्याली, आणि संध्याकाळपर्यंत एक शब्द बोलली नाही. मग चुलीपुढं बसून हे वाक्य बोलली. "घरात कोणी हासलं नोतं," अश्वजित म्हणाला. "पुढं दोन दिवस ती दाराबाहेर नाई गेली. बाबा नेहमी सांगत होते आम्हाले." साक्षीनं कप खाली ठेवला. ती माझ्याकडे वळली. "पण काका, तुम्ही तर प्रस्तावनेत लिहिलंय की हे तुमच्या बाबांचं..." आणि ती मध्येच थांबली, कारण पोरगी हुशार आहे, बोलता बोलता तिला कळलं असावं.

आता सगळे माझ्याकडे पाहत होते, आणि पत्रू न पाहता माझ्याकडे तोंड करून बसला होता. मला ही शांतता ओळखीची आहे. एक. दोन. मला खरं सांगायचं होतं, देवाशपथ सांगायचं होतं, शब्द तयार होते. तीन. माझ्या डोळ्यांपुढं बाप उभा होता, गुडघाभर पाण्यात, ओलं जाळं घेऊन, आणि मी बोललो की तो जाणार होता. चार. आणि डावीकडून, घशाच्या खालून, पोटाच्या वरून तो आवाज आला. "माह्या बापाचंच होय ते. दोघांयच्या घरी झालं असन." त्याचं संपायच्या आत माझं तोंड उघडलं होतं. "माह्या बापाचंच होय ते," मी म्हटलं. "दोघांयच्या घरी झालं असन." शेवटच्या रांगेपर्यंत जाईल असं स्वच्छ म्हटलं, आणि 'असन'वर थोडं हसलोसुद्धा. पत्रूचे ओठ मिटलेले होते. त्यानं दया केली की सवयीनं झालं, मला माहीत नाही. अडकलेल्या नटाला वाक्य द्यायचं, आयुष्यभर तेच केलं त्यानं. पण या खेपेला त्यानं आपली माय दिली, आणि मी ती घेतली. अश्वजितनं कप गोळा केले, बापाकडे एकदा पाहिलं, माझ्याकडे पाहिलं नाही, आणि आत गेला तो आम्ही निघेपर्यंत बाहेर आला नाही. निघताना पत्रूनं माझा हात दोन्ही हातांत धरला. "भाऊ, पुस्तकाची एक कापी पाठवजा. पोरगा वाचून दाखवन." मी हो म्हटलं.

परतीच्या गाडीत साक्षी समोर बसली होती. कानात वायरी घालून ती ऐकत होती, वहीत टिपून घेत होती. मी खिडकीबाहेर पाहत होतो, म्हणजे काहीच पाहत नव्हतो. तळोधी गेलं. थोड्या वेळानं मला जाणवलं, ती लिहायची थांबली आहे. फोनवर बोट मागे नेलं, पुन्हा ऐकलं. पुन्हा मागे नेलं. अंगणात ती लांब बसली होती, पत्रूनं मला दिलेलं ते वाक्य तिला ऐकू गेलेलं नव्हतं. बत्तीस वर्षांत कुठल्याच प्रेक्षकाला ऐकू गेलं नव्हतं. पण फोन उशीजवळ होता. तिनं कानातली एक वायर काढली आणि काही न बोलता माझ्यापुढं धरली. मी कानाला लावली. पत्रूची कुजबुज, आणि तिच्या शेपटीवर पाय देऊन माझा आवाज. मध्ये श्वासाचंही अंतर नाही. आम्हा दोघांना असं बाहेरून मी पहिल्यांदा ऐकत होतो. माझा आवाज किती खोटा लागतो, हे मला कुणी कधी सांगितलं कसं नाही? "काका," ती म्हणाली, रागानं नाही, त्यापेक्षा वाईट, अगदी हळू, "पुस्तकात काय लिहू?"

मी थांबलो. लपवून काय करू, मी डावीकडून आवाज यायची वाट पाहत थांबलो. डावीकडे एक म्हातारी बोचकं पोटाशी धरून झोपली होती. सिंदेवाही आलं, माणसं चढली उतरली, गाडी हलली. साक्षी पेन धरून बसली होती. मोजायचं मी सोडून दिलं होतं. "ती प्रस्तावना फाडून टाक," मी शेवटी म्हटलं. "वाघाचं वाक्य पत्रूच्या मायचं होय. बाकी डोमा सारा पत्रूचा. मी फक्त मागून म्हणत होतो. असं लिही." बोललो, आणि तलावाकाठचा बाप गेला. त्याच्या टाचांच्या भेगा आणि खोकला, एवढंच पुन्हा राहिलं. छातीतलं ओझं उतरेल असं वाटलं होतं, तसं काही झालं नाही. साक्षीनं मान हलवली आणि वहीचं कोरं पान उघडलं. तिनं वर तारीख घातली, पत्रूचं पूर्ण नाव विचारलं, ते मी सांगितलं, गावाचं सांगितलं. तिनं ते नीट लिहून घेतलं. मग पेन कागदावर टेकवून तिनं विचारलं, "आणि त्यांच्या आईचं नाव काय, काका?"

मी तोंड उघडलं. त्या बाईच्या एका वाक्यावर मी बत्तीस वर्षं जेवलो होतो, घर बांधलं होतं, शाली घेतल्या होत्या.

"मले माहीत नाई," मी म्हटलं.